मातुश पाल्कोचा आळस

इम्रोने दार उघडलं तेव्हा दारात कुणीच नव्हतं. खालून कुणीतरी हाक मारली होती एवढं नक्की. तो जिन्याच्या तोंडाशी आला, तर अर्धा मजला खाली त्याचा थोरला भाऊ मातुश कठड्यावर कोपर टेकून उभा होता आणि भिंतीवरच्या हिरव्या रंगाचे पोपडे निरखत होता. पायाशी कापडी पिशवी.

"काय बघतोयस?" इम्रोने विचारलं.

"रंग," मातुश म्हणाला. जरा वेळ गेला. "कुणी लावलाय हा? धड हात फिरवता येत नाही लोकांना."

मग तो उरलेल्या पायऱ्या चढून वर आला, भावाला मिठी मारली आणि आत शिरताच पहिली दिसली त्या खुर्चीवर बसला. इम्रोची बायको व्हेरोना चुलीपाशी होती. हात पुसत ती वळली आणि म्हणाली, "बसा ना भाऊजी." तो आधीच बसलेला. त्यावर तिघंही हसले.

हे १९२६ सालच्या मार्चमधलं. पेनसिल्व्हेनियाच्या कोळसा खाणींतला सहा महिन्यांचा संप नुकताच मिटला होता. हॅरो पॅच या त्यांच्या गावातले बाकीचे लोक जेवणाचे डबे घेऊन पुन्हा खाणीत उतरले, मातुशला मात्र परत घेतलं नव्हतं. का, ते तो सांगत नव्हता. "वरच्या माणसाचं नि माझं पटत नाही," एवढंच म्हणाला. चाळीस वर्षांचा, रुंद खांद्याचा गडी, हाताची बोटं केळ्यांएवढी जाड. न्यूयॉर्कसारख्या शहरात अशा माणसाला काम मिळायला किती दिवस लागणार? इम्रोने मनात आठवडा धरला होता.

या दोन भावांत अकरा वर्षांचं अंतर. मातुश नऊ वर्षांचा असताना खाणीच्या माथ्यावरच्या त्या उंच लाकडी इमारतीत बसला, जिथे पोरं घसरगुंडीवरून येणाऱ्या कोळशातून दगड वेचून काढतात. चौदाव्या वर्षी तो खाली उतरला आणि खेचरं हाकायला लागला. विसाव्या वर्षी पहार हातात आली. त्याच साली बाप छत कोसळून गेला, आणि आईने नऊ वर्षांच्या इम्रोला दगड वेचायला घालायचं ठरवलं. दुसरा उपायच नव्हता. तेव्हा मातुश म्हणाला होता, "त्याला शाळेत ठेव. मी रविवारीही जाईन." आणि तो गेला. पुढची दहा वर्षं गेला. इम्रो शाळेत शिकला, वहीच्या कडांना चित्रं काढत बसला, नन बायांचा मार खाल्ला, आणि एकोणिसाव्या वर्षी शहरात येऊन दुकानांच्या पाट्या रंगवता रंगवता हलत्या चित्रांच्या धंद्यात शिरला. आपल्या हाताची नखं स्वच्छ आहेत ती कुणामुळे, हे तो विसरला नव्हता. पण रोज उठून ते आठवतही नव्हता.

आठवडा गेला, महिना गेला. मातुशला कामं मिळत होती, टिकत नव्हती.

नदीवरच्या धक्क्यावर पिठाची पोती उचलायला लागला, तो दुसऱ्या दिवशी दुपारी घरी. "मुकादम शिव्या देतो," म्हणाला. मग एका हॉटेलच्या तळघरात भांडी घासायला. तिथे तो खोक्यावर बसून डुलक्या घेताना सापडला. मग बर्फाच्या गाडीवर. बर्फवाला इटालियन होता, पाल्को कुटुंबाच्याच गल्लीत बर्फ टाकायचा. त्याने तर जिन्यात उभं राहून व्हेरोनाला ऐकवलं, "बाई, तुमच्या दिराला मी बर्फ वर न्यायला ठेवला होता, घोड्याला सोबत करायला नाही. लादी पहिल्या मजल्यावर ठेवून हा खाली येतो नि घोड्याशी बोलत बसतो."

"घोडा तरी ऐकून घेतो," आतून मातुश म्हणाला.

गल्लीत त्याचं नाव झालं. स्लोव्हाक बाया पाण्याच्या नळाशी हळूच हसायच्या. आळसाचा सख्खा भाऊ, अंगचोर, सहा महिने संपात बसून ढुंगणाला सवय लागली. मातुशच्या कानावर हे जायचं आणि तो खांदे उडवायचा. एकदा तर तिसऱ्या मजल्यावरच्या न्हाव्याला स्वतःच म्हणाला, "आमच्या घराण्यात एकाने काम करायचं नि एकाने बसायचं अशी पद्धत आहे. इतकी वर्षं माझी पाळी होती."

इम्रोला पहिल्यांदा गंमत वाटली, नंतर लाज, आणि मग हळूहळू राग. पण राग तोंडावर काढता येईना. रविवारी खाली गेलेल्या माणसाला आळशी कसं म्हणायचं? तो गप्प बसायचा आणि भावाकडे बघायचा. बघणं हे त्याचं पोटापाण्याचंच काम होतं.

तो ज्या ठिकाणी काम करायचा तो टिबेट्स साहेबांचा हलत्या चित्रांचा कारखाना शहराच्या पश्चिमेला एका छापखान्याच्या वर होता. काचेच्या टेबलाखाली दिवा, टेबलाच्या कडेला दोन खुंट्या, खुंट्यांत अडकवलेले कागद. एका पावलाला आठ चित्रं, एका उडीला बारा. इम्रोने पेन्सिलीने काढायचं, पलीकडच्या खोलीतल्या मुलींनी सेल्युलॉइडच्या पारदर्शक तक्त्यांवर शाईने गिरवायचं, मग एकेक तक्ता कॅमेऱ्याखाली. सात मिनिटं पडद्यावर दिसायला तीन आठवडे मान मोडायची. इम्रोच्या शेजारच्या टेबलावर गस लिंडक्विस्ट नावाचा म्हातारा स्वीडिश होता. धंद्यातला सगळ्यात जुना. तो चित्र काढताना स्वतःच्या तोंडाने तसतशी तोंडं करायचा.

एप्रिलमध्ये टिबेट्स साहेबांनी सगळ्यांना बोलावलं. "थेटरवाल्यांना नवा प्राणी पाहिजे," ते म्हणाले. "मांजरं झाली, कुत्री झाली, ससे तर इतके झाले की पडद्यावर लेंड्या पडायच्या बाकी आहेत. काहीतरी सांगा."

"खेचर," इम्रो म्हणाला. का म्हणाला, ते त्यालाही सांगता आलं नसतं. आदल्या रात्री जेवताना मातुशने ड्यूकची गोष्ट सांगितली होती. ड्यूक हे त्याचं खाणीतलं खेचर. कोळशाच्या डब्याला डबा जोडताना कडी खटकन वाजते. ड्यूक त्या खटक्यांकडे कान लावून उभा राहायचा. पाच खटके झाले की चालायला लागायचा. सहावा खटका ऐकला, की मग मारा, ढकला, शेपटी पिळा, हलायचा नाही. "मोजता यायचं त्याला," मातुश म्हणाला होता. "पाच डबे हे त्याचं काम. सहावा कुणाच्या तरी फायद्याचा. मला हे त्या खेचराएवढं कधी कळलं नाही."

"खेचर काय करतं?" टिबेट्स साहेबांनी विचारलं.

"काम शोधतं," इम्रो म्हणाला. "आळशी आहे. पण पोटासाठी काम शोधत फिरतं."

साहेब हसले नाहीत. ते कधीच हसायचे नाहीत. "चालवून दाखव," म्हणाले.

इम्रोने त्या दिवशी खेचर काढलं, पण ते चालेना. म्हणजे चालत होतं, पण कुठल्याही खेचरासारखं. संध्याकाळी तो घरी निघाला. गल्लीच्या तोंडाशी त्याला पुढे मातुश जाताना दिसला. नवं काम मिळालं होतं त्याला, जोड्यांच्या दुकानाची जाहिरात छातीवर एक फळा आणि पाठीवर एक फळा असा लटकवून रस्त्याने फिरण्याचं. इम्रोने हाक मारली नाही. तो मागून बघत राहिला. मातुश वीसेक पावलं चालला, थांबला, एका खिडकीतल्या टोप्या बघितल्या. पुन्हा वीस पावलं, मग बुटाची नाडी सोडून बांधली. मग भिंतीला पाठ लावून उभा राहिला, अगदी सावकाश, एखाद्या धान्याच्या पोत्याला टेकवून ठेवावं तसा. पाठीवरचा फळा भिंतीकडे गेला. जाहिरात वाचणार कोण, वीट? घराच्या जिन्यात तो चार पायऱ्या चढला, थांबला, भिंतीचा रंग बघितला. मग आणखी चार. दर वेळी काहीतरी बघण्यासारखं सापडत होतं त्याला. इम्रो खाली अंधारात उभा राहून मोजत होता, आणि त्याला हसू फुटत होतं.

दुसऱ्या दिवशी कागदावरचं खेचर जिना चढलं; इम्रोने त्याचं नाव ज्यूबल ठेवलं होतं. चार पायऱ्या, मग थांबून भिंतीवरच्या कागदाची नक्षी निरखायची, खुराने एक फूल हळूच खरवडायचं, मान हलवायची, जसं काही नक्षीत खोट आहे. पुन्हा चार पायऱ्या. टिबेट्स साहेबांनी कागदांचा गठ्ठा फरफरवून बघितला. मग परत बघितला. मग त्यांच्या घशातून असा आवाज आला की गसने पाण्याचा पेला पुढे केला. साहेब हसत होते.

"हे कुठून आणलंस?" गसने नंतर विचारलं.

"घरी आहे," इम्रो म्हणाला.

त्यानंतरचे तीन आठवडे तो रोज घरून काहीतरी घेऊन गेला. मातुश बसल्या बसल्या झोपायचा, आडवा कधी व्हायचाच नाही, पलंगावरही उशा रचून बसून झोपायचा. ज्यूबल उभ्या उभ्या झोपलं. मातुश बोलता बोलता अर्ध्या वाक्यात थांबायचा आणि हाताने 'पुढचं तुम्ही समजून घ्या' अशी खूण करायचा. ज्यूबलही मालकाशी भांडताना अर्ध्यात थांबून खूर हलवायला लागलं. जोड्यांच्या दुकानातून मातुशला काढून टाकलं, तेव्हा ज्यूबल पाठीवरच्या फळ्यासकट भिंतीला टेकलं. शेवट मात्र इम्रोचा स्वतःचा होता. ज्यूबलला गादीच्या दुकानाच्या काचेत झोपून दाखवायचं काम मिळतं. साऱ्या गावात इतकं सुखाचं काम नाही. पण बाहेर गर्दी जमते, लोक काचेला नाकं लावतात, आणि जन्मात पहिल्यांदाच ज्यूबलला झोप येत नाही. मालक हाकलून देतो.

"भाऊजींना असं काय न्याहाळत बसतोस?" व्हेरोनाने एकदा विचारलं. मातुश खिडकीशी पेंगत होता आणि इम्रो पावाच्या कागदावर पेन्सिल चालवत होता.

"कामाचं आहे."

व्हेरोना काहीतरी बोलणार होती. तिने मातुशकडे बघितलं, धुण्याची बादली उचलली आणि बाहेर गेली.

सिनेमा मेच्या शेवटी लागला. आठवड्याभरात गल्लीतल्या पोरांनी जिन्यात ज्यूबलसारखं थांबायला सुरुवात केली. इम्रोने घरी फारसं सांगितलं नव्हतं, पण ही गोष्ट लपणारी नव्हती. एका रविवारी जेवण झाल्यावर मातुश म्हणाला, "सगळी गल्ली बघून आली. माझ्या भावाचं काम मी कधी बघायचं?"

"मुख्य सिनेमा रडका आहे," इम्रो म्हणाला. "कंटाळशील."

"बसायला मिळतं ना? मग मी कशाला कंटाळतो?"

तिघं गेले. दुपारचा खेळ, थेटर भरलेलं, पुढे एक बाई ऑर्गन वाजवत होती. दिवे गेले आणि ज्यूबल आलं. डब्यांच्या खटक्यांचा विनोद सुरुवातीलाच होता, कानावर खूर धरून ज्यूबल एक, दोन, तीन मोजतं. ऑर्गनवाली बाई प्रत्येक खटक्याला एक सूर दाबत होती. मातुशने मांडीवर थाप मारली. "ड्यूक!" तो शेजारच्या अनोळखी माणसाला म्हणाला. "माझं खेचर ते. खरं होतं." आणि इतका हसला की खोकल्याची उबळ आली.

मग जिना आला.

चार पायऱ्या. ज्यूबलने नक्षी बघितली. थेटर खदखदलं. आणखी चार. ज्यूबलने फूल खरवडलं. मागच्या रांगेतली एक बाई "पुरे, पुरे, माझं पोट" म्हणत होती. इम्रोने भावाकडे बघितलं नाही. पडद्याकडेही बघितलं नाही. तो पुढच्या माणसाच्या मानेकडे बघत होता. त्याला शेजारी मातुशचा श्वास ऐकू येत होता, आणि त्या श्वासात बारीक शिट्टी होती. तीन महिने ती त्याच्या घरात वाजत होती. आज पहिल्यांदा त्याने ती ऐकली.

फळा, भिंत, झोप, खुराची खूण, सगळं एकेक करून गेलं. लोक हसत राहिले. मातुश हात मांडीवर ठेवून ताठ बसला होता.

मुख्य सिनेमा त्यांनी पूर्ण बघितला. बाहेर ऊन होतं. थोडं चालल्यावर मातुश म्हणाला, "चौथ्या पायरीवर थांबतं ते."

"हो," इम्रो म्हणाला.

"मला वाटलं नव्हतं कुणी मोजत असेल."

"मातुश, ते नुसतं…"

"चांगलं काढलंयस. हुबेहूब."

 जिन्याशी आल्यावर मातुशने टोपी काढून खिशात घातली आणि चढायला लागला. चौथी पायरी आली, तो थांबला नाही. पहिला मजला गेला. इम्रो मागे होता. त्याला भावाच्या मानेमागची शीर दिसत होती, दोरीसारखी तट्ट फुगलेली. दुसरा मजला. "भाऊजी, सावकाश," व्हेरोना खालून म्हणाली. "भाऊजी, थांबा ना." तिसऱ्यावर न्हावी दारात उभा होता, तो काहीतरी चेष्टेचं बोलायला गेला आणि गप्प झाला. मातुशचं तोंड उघडं होतं, ओठ जांभळे. चौथा मजला. कठड्याला त्याने हातसुद्धा लावला नव्हता. पाचव्या मजल्यावर तो आपल्या पायांनी पोचला, दाराच्या मुठीवर हात ठेवला, आणि तसाच दाराला घासत खाली घसरला. तोंडातून रक्त आलं. रक्तात काळं होतं, शाईसारखं.

शहराच्या दवाखान्यात एका तरुण डॉक्टरने त्याच्या पाठीवर बोटांनी ठोकून बघितलं, छातीची एक्स-रे प्लेट काढली आणि इम्रोला बाहेर बोलावलं.

"खाणीत किती वर्षं?"

"एकतीस."

"फुफ्फुसं म्हणून काही उरलेलं नाही. दगड झालाय. पाच मजले एका दमात चढले म्हणता? मला पटत नाही. अशी माणसं चार-पाच पायऱ्यांवर थांबतात."



घरी आल्यावर त्याने व्हेरोनाला विचारलं, "तुला माहीत होतं?"

ती भांडी विसळत होती. "रुमाल मी धुवायचे त्यांचे. काळे पडलेले असायचे. पहिल्याच आठवड्यात विचारलं मी. त्यांनी आईची शपथ घातली."

"तू मला सांगितलं नाहीस."

"शपथ होती," ती म्हणाली. मग तिने पाणी बंद केलं. "आणि तू तर रोज बघत होतास त्यांच्याकडे. समोर बसून, पेन्सिल घेऊन. मला वाटलं, इतकं बघणाऱ्याला दिसेलच."

त्या रात्री ती एकटीच पलंगावर झोपली. इम्रो मातुशच्या खुर्चीत बसून राहिला. तिने त्याला आत ये म्हटलं नाही.

मातुश एकोणीस दिवस जगला. दवाखान्यात त्याला उशांना टेकवून बसवलेलं असायचं. इम्रो काम सुटलं की जायचा. सुरुवातीला दोघं हवापाण्याचं बोलायचे. एका संध्याकाळी इम्रोने विचारलं, "खाणीतून तुला काढलं ते यासाठी ना?"

"कंपनीच्या डॉक्टरने कान लावला," मातुश म्हणाला. एकेका वाक्यानंतर तो थांबत होता. "म्हणाला, जा."

"मग मला का नाही सांगितलंस? सगळे तुला आळशी म्हणत होते. मीसुद्धा."

"माहितीये."

"मग?"

मातुशने हाताने खूण केली, पुढचं समजून घे. मग बहुतेक त्याला ती खूण पडद्यावरची आठवली, कारण त्याने हात खाली घेतला आणि वाक्य पुरं केलं. त्याला बराच वेळ लागला. "आळशी माणसाला लोक शिव्या देतात. पण उद्या पुन्हा बोलावतात. म्हणतात, बघू, सुधारला असेल. आजारी म्हटलं की दार लागतं. मला काम पाहिजे होतं, इम्रो. तुझ्या घरात बसून खायला नव्हतो आलो."

इम्रोने खाली मान घातली. "त्या सिनेमाचं तुला वाईट वाटलं."

"वाटलं," मातुश म्हणाला.

त्यापुढे तो काही बोलेल, थोडं हसेल, जाऊ दे म्हणेल, म्हणून इम्रो थांबला. मातुशने डोळे मिटून घेतले होते. पलीकडच्या खाटेवरच्या माणसाला नर्स सूप भरवत होती. चमचा दातांवर वाजत होता.

जुलैच्या दहा तारखेला सकाळी तो गेला.

ज्यूबल खेचराचं पुढे काय झालं ते इथेच सांगून टाकतो. इम्रोने टिबेट्स साहेबांकडे जाऊन सांगितलं की पुढच्या सिनेमांतून जिना काढून टाकू. साहेब म्हणाले, "तुला वेड लागलंय का? थेटरवाले जिनाच मागतात. प्रत्येक सिनेमात एक जिना पाहिजे." कारण इम्रोने सांगितलं नाही. सांगितलं असतं तरी जिना गेला नसता. तेव्हा गसने एक शब्द न विचारता जिन्याचे कागद आपल्या टेबलावर ओढून घेतले, आणि पुढची दीड वर्षं ज्यूबल सपाट जमिनीवर इम्रोचं आणि पायऱ्यांवर गसचं होतं. पायऱ्या काढताना गस स्वतः तोंड उघडून धापा टाकायचा, त्याची ती सवयच होती. अशा वेळी इम्रो उठून बाहेर जायचा. बोलके सिनेमे आले तेव्हा टिबेट्सचा कारखाना बंद पडला. इम्रो पुन्हा दुकानांच्या पाट्यांवर गेला. त्या कामात त्याला कुणाकडे बघावं लागत नव्हतं.

मातुशला त्यांनी जुलैतच हॅरो पॅचला नेलं. इम्रो आणि व्हेरोना आगगाडीने, पेटी सामानाच्या डब्यात. चर्च टेकडीवर आहे आणि दफनभूमी त्याहून वर. पेटी खांद्यावर घेणाऱ्यांत यूराय बेन्को होता, मातुशबरोबर बावीस वर्षं एकाच बोगद्यात काम केलेला. माती टाकून झाल्यावर तो इम्रोजवळ आला. कोटाची बटणं त्याला लागत नव्हती, ती तशीच सोडून दिली.

"तुझा सिनेमा आला होता इथे," यूराय म्हणाला. "आगीच्या बंबवाल्यांच्या हॉलमध्ये. शनिवारी."

इम्रोने हाताची माती झटकली.

"पोरं फार हसली. बाया पण हसल्या. आम्ही मागे उभे होतो, खाणीतले सगळे." त्याने श्वास घेतला. "तो जिना आला ना, तेव्हा मागे कुणी हसलं नाही. आमचा आंद्रेय म्हणाला, हे काढणारा आपल्यातला आहे. त्याच्याही छातीत भरलंय. मी म्हटलं, नाही रे, तो मातुशचा धाकटा. तो कधी खाली उतरलाच नाही."

"मला माहीत नव्हतं," इम्रो म्हणाला.

"कसं माहीत असणार," यूराय म्हणाला. बोलण्यात राग नव्हता. दयाही नव्हती. "उतरला असतास तर कळलं असतं."

घरी आईने आंबवलेल्या कोबीचं सार केलं होतं, खसखशीच्या शेवया केल्या होत्या, शेजारणींनी पाव आणले होते. लोक जेवून गेले. व्हेरोना मागे अंगणात ताटं धुवायला बसली. आई चुलीजवळच्या स्टुलावर बसली. सत्तरीची बाई, नवरा आणि आता थोरला मुलगा पुरलेली. सिनेमा तिने कधी बघितला नव्हता, बघणारही नव्हती. तिच्या मते ते थेटर म्हणजे दिवसा अंधार करून बसायची जागा, आणि दिवसा अंधारात बसणारी माणसं तिने आयुष्यभर पाहिली होती.

"इम्रिश्को," ती म्हणाली. लहानपणीचं नाव. "तिकडे त्याला काम मिळालं होतं का?"

इम्रो तिच्यासमोर बसला होता. त्याला धक्का, हॉटेल, बर्फाची गाडी, जोड्यांचा फळा, सगळं एकदम समोर आलं.

"मिळालं होतं," तो म्हणाला.

"कसलं?"

"माझ्याच इथे. चित्रांच्या कारखान्यात."

आईने त्याच्याकडे निरखून बघितलं. "त्याला कुठे चित्रं काढता येत होती?"

"काढायची नव्हती. नुसतं बसायचं. आम्ही बघून काढायचो."

तिने मान हलवली, हळूहळू, दोन-तीनदा. डोळ्यांना पदर लावायची तिची पद्धत नव्हती. तिने दोन्ही हात मांडीवर पालथे ठेवले.

"मग बरं झालं," ती म्हणाली. "शेवटी तरी बसून करायचं काम मिळालं त्याला. आणि काय रे, तिथली माणसं? नीट वागायची त्याच्याशी?"

"हो," इम्रो म्हणाला. "सगळ्यांना तो आवडायचा."